उतारू चौदा, तिकिटं तेरा

ज्याला तिकीट लागत नाही अशी एकही वस्तू देवानं या पृथ्वीवर केलेली नाही, असं मनापासून मानणारा एकच माणूस मी पाहिला, आणि तो नेमका माझा व्याही निघाला. माझ्या थोरल्या लेकीचा सासरा. एसटीत एकतीस वर्षं कंडक्टर होते. नोकरी संपली, खाकी कपडे पेटीत गेले, पण अंगातला कंडक्टर काही खाली उतरला नाही. माणूस दिसला की त्यांच्या डोळ्यांत आधी प्रश्न येई, हा फुल की हाफ? वस्तू दिसली की, ही मांडीवर चालेल की टपावर टाकावी लागेल? एकदा माझ्या बायकोनं दुरडीभर सीताफळं त्यांच्यापुढं ठेवली, तर फळाला हात लावण्याआधी त्यांनी दुरडी उचलून वजन पाहिलं आणि म्हणाले, "इहीनबाई, हे लगेजमंदी जाते." घरात चालतानाही उजवा हात वर, जणू डोक्यावर दांडी आहे आणि घर वळणावर आहे.

बोलण्यातही घंटी होती. तोंडानं एकदा "टिंग" म्हटलं म्हणजे थांबा, "टिंग टिंग" म्हटलं म्हणजे चालू द्या. पंगतीत वाढणारा वरणाचा डाव घेऊन आला की "टिंग". पुरणपोळी घेऊन आला की "टिंग टिंग". एका कीर्तनात बुवांनी रामाच्या वनवासाची वर्षं बारा सांगितली, तर मागून आवाज आला, "टिंग." बुवा थबकले. "चौदा," व्याही म्हणाले, "टिंग टिंग," आणि कीर्तन पुढं निघालं. लोक हसले, पण मी पाहिलं की बुवांनी पुढं प्रत्येक आकडा त्यांच्याकडं बघून सांगितला.

माझं आणि त्यांचं सुरुवातीपासून वाकडं होतं, हेही सांगून टाकतो. लेकीच्या लग्नाच्या दिवशी वऱ्हाडाची गाडी दारात आली. मुहूर्ताला पाव तास उरलेला. मी फेटा बांधून, हार घेऊन उभा. आणि हे वरबाप गाडीच्या दारात आडवे! "टिंग. कोनी उतरू नका. निघतानी एकावन्न मोजलेते, आता बावन्न भरून राह्यले."

मी म्हटलं, "इवाई, लगन लागू द्या, मंग मोजत बसा."

"उतारू अन् तिकिटं जुळल्याबिगर माही गाडी हालत नाई."

बावन्नावा शेवटी आमच्याच गावचा एक म्हातारा निघाला. फाट्यावर सजवलेली गाडी दिसली म्हणून चढून बसला होता, आणि वऱ्हाडातल्या कोणीतरी त्याला अत्तरही लावलं होतं. अक्षता अकरा मिनिटं उशिरा पडल्या. मुलीचा बाप म्हणून मी मान दिला, गोड बोललो, पण ती अकरा मिनिटं मनात गाठ मारून ठेवली. मी गाठ सोडणारा माणूस नाही. चौथीत गुरुजीनं पाटीवर माझ्या गणितापुढं हा एवढा भोपळा काढला, त्या दिवशी पाटी तिथंच ठेवून घरी आलो तो पुन्हा शाळेत गेलो नाही. गुरुजी दोनदा समजवायला आले, दोन्ही वेळा मी कडब्याच्या गंजीवर चढून बसलो. पुढं जे काही लिहायला-वाचायला शिकलो ते दुकानांच्या पाट्या आणि शिळे पेपर वाचून, आपल्या हिमतीवर. त्यात कोणाचं काही नाही.

नोकरी संपल्यावर आणि बायको गेल्यावर व्याह्यांना त्यांच्या लेकानं, म्हणजे माझ्या जावयानं, पुण्याला नेलं. सहा महिन्यांत परत आले. आले ते पांढरकवड्याच्या आपल्या घरी नाही, थेट आमच्या गावी, एक पेटी आणि एक पितळी गडू घेऊन. सुनेच्या माहेरी सासऱ्यानं बिऱ्हाड करावं हे आमच्याकडं कोणी ऐकलं नव्हतं. गावात कुजबुज. माझी बायको म्हणे, "लोक काय म्हनतीन?" त्यांना विचारलं तर म्हणाले, "इवाई, अकरा वर्सं या गावची मुक्कामी गाडी मी आनली. सकाळी निंघायच्या आंधी तुमच्या इहिरीवर गडू भरो. लय गावचं पानी पेल्लो, असं पानी नाई पाह्यलं. आता उरलेलं इथंच पेतो."

हे मात्र त्यांनी मर्मावर बोट ठेवलं. ती विहीर माझ्या बापानं सब्बल आणि घणानं खोदलेली. खडक लागला तेव्हा लोक म्हणाले सोडून दे. बाप आणखी दोन उन्हाळे खोदत राहिला. हट्ट आमच्या घराण्यातला. तेव्हापासून तिचं पाणी कधी तुटलं नव्हतं. मी त्यांना शाळेमागं एक खोली पाहून दिली आणि रोज सकाळी माझ्या विहिरीचं पाणी गडूत भरून स्वतः नेऊन देऊ लागलो. मुलीच्या सासऱ्यानं माझ्या गावात स्वतः पाणी शेंदावं, ही काही रीत नाही. प्रेमाबिमाचा त्यात संबंध नव्हता, निदान सुरुवातीला.

जावयानं आपला जुना लॅपटॉप त्यांना दिला होता, वेळ जावा म्हणून. त्यावर गाणी ऐकावीत, नातवंडांचे फोटो पाहावेत, तर हे फोनवर हिंदी व्हिडिओ लावून कोड लिहायला शिकले! वय सदुसष्ट. कानावर पेन्सिल, मांडीवर लॅपटॉप, शेजारी रेघांची वही. मी विचारलं, "हे कायले शिकून राह्यले?" तर म्हणाले, "एकतीस वर्सं मशीननं मले सांगतलं. आता म्या मशीनले सांगतो." आणि खरोखर तिच्याशी बोलत. "बाई, काल तर चालत होती, आज काय झालं तुले?" एरर आली की लाल अक्षरं मोठ्यानं वाचत, समजत नसली तरी. दोनदा वाचून झाली की मान डोलवत, उतारू भांडत असेल तर आधी त्याला बोलू द्यावं तसं.

त्यांनी काय बनवलं ते सांगायला हवं, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावर आहे. आमच्या गावात चौदा विहिरी. रब्बीला सगळ्यांनी गहू पेरला तर पाणी फार लागतं, हरभरा कमी पाण्यात येतो. जमिनीच्या पोटातलं पाणी एकच. शेतात जास्त उपसलं की गावच्या प्यायच्या विहिरीला कमी पडतं. तीन वर्षांमागं तसंच झालं. गहू घरात आला आणि प्यायला टँकर आला. चैत्र-वैशाखात बायका हंडे घेऊन रांगेत भांडल्या. तेव्हा गावानं ठरवलं, की विहिरींतलं पाणी सरासरी आठ फुटांच्या वर असेल तर गहू, खाली असेल तर हरभरा, आणि कोणी कुरकूर करायची नाही. दर अमावस्या-पौर्णिमेला प्रत्येकानं आपल्या विहिरीत दगड बांधलेला दोर सोडायचा. दोराला फुटाफुटावर गाठी. दगड तळाला टेकला की वर ओढायचा. जेवढ्या गाठी ओल्या, तेवढे फूट पाणी. हे आकडे कोण गोळा करणार? व्याही म्हणाले, "म्या करतो." फोनवर उघडणारं एक पान त्यांनी बनवलं. आपलं नाव निवडायचं, खान्यात आकडा टाकायचा, झालं. कोणाच्या विहिरीत किती हे फक्त त्यांना दिसे, गावाला नुसती सरासरी. ती अट लोकांनीच घातली होती. दुसऱ्याच्या विहिरीवर नजर फार लवकर लागते.

पहिल्या दिवशी दोनच विहिरींवर तपासणी. माझी नऊ फूट, शाळेजवळची अकरा. पान उघडलं तर एकूण पाणी नऊशे अकरा फूट! मी म्हटलं, "इवाई, इहीर हाये का समिंदर?" गावभर हसू झालं. सरपंचबाई म्हणाल्या, "कंडक्टर काका, बंदराचं काम कवा सुरू करता?" ते मात्र चार दिवस वहीत काहीतरी लिहीत बसले आणि पाचव्या दिवशी मला बोलावून समजावलं. अजून शब्द न शब्द लक्षात आहे.

"इवाई, खान्यात मानूस नऊ टाकते, पन मशीनले थे नऊ नसते. थे नवाचं चित्र असते. दोन चित्रं जोडा म्हटलं का थे एकाशेजारी एक ठेवते. नऊ, अकरा. नऊशे अकरा. तिची काई चुकी नाई. आंधी त्या चित्राले आकड्याचं तिकीट फाडून द्या लागते. तवा थे बेरजेच्या गाडीत बसते."

मी म्हटलं, "मंग बेरीज गुरुजीच्या पाटीवर काय वाईट होती?" पण खरं सांगतो, चौथीपासून आजवर गणितातली एकच गोष्ट मला कोणी समजेल अशी सांगितली, ती हीच.

ते तिकीट फाडून झालं तर दुसरी अडचण. लोक आकडे मराठीत टाकत. मशीनला इंग्रजी सात कळे, मराठी सात कळेना. एका बाईनं "साडेसात" अक्षरांत लिहिलं. मी म्हटलं, लोकांना सांगा ना नीट लिहायला. तर भडकले. "गाडी उतारूच्या गावाले जाते, उतारू गाडीच्या गावाले जात नाई!" आणि बसले मशीनला मराठी आकडे शिकवत, सव्वा, दीड, पावणेदोन सगळं. पण लोकांची कल्पकता मशीनपेक्षा मोठी. एकानं खान्यात लिहिलं, "भरपूर". दुसऱ्यानं, "बरी हाये". मग पानावर सरासरीच्या जागी इंग्रजीत नॅन असं काहीतरी उमटू लागलं, म्हणजे 'आकडा नव्हे'. चौदांतल्या एकानं शब्द टाकला की सगळ्या गावाची बेरीज बुडे. तेव्हा त्यांनी, कंटाळून म्हणा की शिकाऊ म्हणून म्हणा, एक तोड काढली. आकडा नसेल तर तो सोडून द्या आणि पुढं चला. "ज्याच्यापाशी तिकीट नाई, त्याले खाली उतरवा. टिंग टिंग." पान चालू लागलं. आम्ही सगळे खूश.

आता आमच्या गावची एक रीत सांगतो. घरातली बाई मीठ संपलं असं म्हणत नाही, वाढलं म्हणते. दिवा विझवत नाही, वाढवते. तसं आमच्याकडं विहिरीला कोणी कोरडी म्हणत नाही, आटली म्हणत नाही. निजली म्हणतात. कोरडी म्हटलं तर तिला वाईट वाटतं आणि झरे दुसरीकडं तोंड करतात, असं माझा बाप सांगे. त्या साली पाऊस पोळ्यालाच परत फिरला, आणि वरच्या अंगाला नवीन बोअर झाले. माझ्या विहिरीचं पाणी पोळ्याला नऊ होतं, सर्वपित्रीला चार झालं, आणि कोजागिरीच्या सकाळी मी दोर सोडला तर दगड खणकन वाजला. वर ओढला. एकही गाठ ओली नाही. शेवटच्या गाठीला थोडी माती लागलेली, तीही पुसली की गेली.

मी विहिरीच्या थारोळ्याच्या दगडावर बसलो. मग फोन काढला, आपलं नाव निवडलं, आणि खान्यात एका बोटानं लिहिलं, "निजली". दुसरं काय लिहिणार होतो? बापानं खोदलेल्या विहिरीत मी भोपळा टाकणारा नव्हतो.

आणि त्या दिवशी व्याह्यांचा गडू मी शाळेजवळच्या विहिरीतून भरला. नेऊन दिला. काही बोललो नाही. त्यांनी दोन घोट घेतले आणि म्हणाले, "टिंग टिंग."

चार दिवसांनी सभा. ग्रामपंचायतीसमोर सतरंज्या टाकलेल्या, सकाळची वेळ, गव्हाचं बियाणं आणायला ट्रॅक्टर जोडून तयार. सरपंचबाईंनी फोनवर वाचलं, "तेरा विहिरींची सरासरी सव्वाआठ फूट. म्हंजे या साली गहू!" टाळ्या पडल्या. आणि मागून आवाज आला.

"टिंग."

व्याही उभे. उजवा हात वर, नसलेली दांडी धरलेला. "इहिरी चौदा हायेत. उतारू चौदा, तिकिटं तेरा. गाडी हालनार नाई."

"अजी काका, एकानं काय होते?" कोणी म्हणालं.

"एकानं काय होते थे या इवायाले इचारा. याच्या लेकीचं लगन अकरा मिनिट म्या एकासाठीच थांबोलं होतं."

सगळे हसले. मी हसलो नाही. मी चपलांच्या ढिगाकडं पाहत होतो. मला माहीत होतं चौदावा कोण ते. सांगायला उठायचं तर मान उठत नव्हती. बापाची विहीर निजली हे साऱ्या गावापुढं म्हणायचं, तेही ज्याच्याशी अकरा मिनिटांचं वैर धरलं त्याच्यासमोर? आणि हेही समजत होतं की मी गप्प बसलो तर गाव गहू पेरेल आणि चैत्रात बायका पुन्हा हंडे घेऊन उभ्या राहतील. दोन्ही समजून मी गप्प बसलो. जे झालं ते झालं तसं लिहितो.

व्याही सरपंचबाईंना म्हणाले, "खोट माह्या कोडमंदी हाये. मले आठ दिवस द्या."

आठ दिवस म्हणजे पेरणीचा जीव. लोक चिडले. ते रस्त्यानं निघाले की पोरंसोरं नाही, चांगले बाप्ये विचारत, "कंडक्टर साहेब, गाडी पंक्चर का?" ते मुकाट्यानं खोलीच्या ओट्यावर बसत, लॅपटॉप मांडीवर, एकेक ओळ मोठ्यानं वाचत. मी रोज सकाळी गडू घेऊन जाई. रोज ते मला बसवून काहीतरी समजावत. एके दिवशी म्हणाले, "पाहा इवाई, एक असते खाली खाना, अन् एक असते शून्य. खाली म्हंजे उतारू आलाच नाई. शून्य म्हंजे आला, पन हात रिकामे. दोघाईत लय फरक हाये." मी म्हटलं, "असंन." दुसऱ्या दिवशी म्हणाले, "मशीनचं एक बरं असते. तिले लाज नाई. शून्य म्हना, शून्य लिहिते. काई वाटत नाई तिले." मी म्हटलं, "म्हनूनच तिले मशीन म्हनते, मानूस नाई म्हनत." त्यांनी गडू तोंडाला लावला. तिसऱ्या दिवशी मी दोनच मिनिटं थांबलो. बैलाला औषध पाजायचं आहे असं सांगितलं. बैल ठणठणीत होता.

आठव्या दिवशी आमच्या घरून जाणारा त्यांचा जेवणाचा डबा अर्धा परत आला. माझ्या बायकोनं तो माझ्यासमोर आपटला. "अजी, थो मानूस आठ दिसापासून शिव्या खाऊन राह्यला, अन् तुमी शाळेजवळचं पानी आपल्या इहिरीचं म्हनून पाजता त्याले. तुमची इहीर हाये का राजगादी?" तिला हे माहीत होतं हे मला माहीत नव्हतं. घरात चाळीस वर्षं राहून माणसाला एवढंही समजत नाही.

मी उठलो. रिकामा गडू घेऊनच गेलो. ते ओट्यावर होते. मी म्हटलं, "इवाई, खोट कोडमंदी नाई."

त्यांनी लॅपटॉप बंद केला नाही. नुसती कानावरची पेन्सिल काढून वहीत ठेवली. "नाई ना?"

"माही इहीर निजली. म्या तसंच लिवलं."

"माहीत हाये," ते म्हणाले. "सभेच्या दिवशीच सापडलं. घरी येऊन पाह्यलं तर तुमच्या नावासमोर थो शब्द. दहा मिनिट नाई लागले."

मला आधी समजेना. मग मी दिवस मोजले. "मंग हे आठ दिवस? लोकाईच्या शिव्या?"

"दुसऱ्याच्या इहिरीत म्या कसा शून्य टाकू, इवाई? थे तिकीट मालकालेच फाडा लागते."

"अन् पानी?"

"कोजागिरीपासून शाळेजवळचं हाये. खारट लागते."

"मंग पेल्ले काहून?"

"तुमी आनून दिलं म्हनून."

समोरच्या बोरीवर साळुंक्या भांडत होत्या. मग त्यांनी लॅपटॉप माझ्याकडं फिरवला. माझं नाव, पुढं खाना, खान्यात माझा शब्द. मी तो एकेक अक्षरानं पुसला. आणि टाकला शून्य. पाटीवर गुरुजीनं काढला होता तसाच, गोल. पण या वेळी माझ्या हातानं काढलेला होता, आणि पाटी सोडून पळालो नाही. सव्वाआठचे पावणेआठ झाले. आठाच्या वर हिरवी दिसणारी अक्षरं लाल झाली. त्यांनी हळूच म्हटलं, "टिंग टिंग."

दुसऱ्या दिवशीच्या सभेत मी स्वतः उभा राहिलो. म्हटलं, कोडात खोट नव्हती, खोट माझ्यात होती, माझी विहीर निजली आहे. कोणी हसलं नाही. थोड्या वेळानं कोपऱ्यातून एक जण उठला, म्हणाला, माझी सात लिहिली होती, ती चारच आहे. मग आणखी एक उठला. सरासरी खाली खाली जात राहिली आणि सरपंचबाईंनी गव्हासाठी जोडलेली ट्रॅक्टरची ट्रॉली सोडून ठेवायला सांगितली. त्या साली गावानं हरभरा पेरला. प्यायच्या विहिरीनं मृगापर्यंत साथ दिली. शेवटी शेवटी गाळ येई, पण टँकर आला नाही.

त्यानंतर व्याह्यांनी पानावर एक नवीन खाना काढला. वरचा खाना आकड्याचा. तिथं आकड्याशिवाय काही चालत नाही, मशीन प्रेमानं परत पाठवते. त्याखाली दुसरा, मोठा, त्यावर लिहिलेलं, 'म्हणणं'. तिथं काहीही लिहा. निजली लिहा, रुसली लिहा, शिव्या द्या. म्हणाले, "चूक माहीच होती. लोकाईपाशी दोन गोष्टी सांगायच्या असते, अन् म्या एकच खाना ठेवला. आकडा बेरजेच्या गाडीत बसते. म्हननं बसत नाई, पन त्याले खाली उतरवू नाई. कोनीतरी वाचलं पाह्यजे." ते सगळं वाचत. बायकांनी तिथं पाककृती लिहिल्या, एका म्हाताऱ्यानं दोन महिने आपल्या सुनेची तक्रार लिहिली. ते प्रत्येकाला उत्तर देत.

आता ते पुण्याला आहेत. डोळ्यांत मोतीबिंदू, गुडघे गेलेले, आणि माझ्या लेकीनं हट्टच धरला. हट्ट तिला कोणाकडून आला हे सांगायला नको. फाट्यावर सोडायला मी गेलो होतो. खिडकीपाशी बसले नाहीत, दाराजवळच्या सीटवर बसले. कंडक्टर नवीन होता, घंटी वाजवायला वेळ लावत होता, तर आतून ओळखीचा आवाज आला, "टिंग टिंग," आणि ड्रायव्हरनं खरंच गाडी सोडली. ती अकरा मिनिटं मी त्यांना तिथंच माफ केली. सांगायचं मात्र राहिलं.

पान अजून चालतं. पुढच्या पावसात विहीर जागी झाली. दर अमावस्या-पौर्णिमेला मी दोर सोडतो, वरच्या खान्यात आकडा टाकतो आणि खालच्या खान्यात म्हणणं. तुमच्या खोलीत आता एक मास्तर राहतो, त्याच्याजवळ लगेज फार. बोरीला यंदा बोरं आली. गडू आमच्याकडं राहून गेला, चिंचेनं घासून ठेवला आहे. पाणी गोड आहे. त्यांचं उत्तर येतं, बहुतेक वेळा तेवढंच, "टिंग टिंग." चालू द्या.

मागच्या पौर्णिमेला वर सात फूट टाकलं आणि खाली एवढंच लिहिलं, "कधी येता?" उत्तर यायला दोन दिवस लागले. "टिंग." एकच. एका घंटीचा अर्थ मला कोणी शिकवायला नको. गाडी थांबवा, कोणीतरी उतरणार आहे. लेकीला फोन केला तर म्हणाली, "बाबा, डॉक्टरांनी त्यांना प्रवास करू नका म्हटलंय, तुमी काई मनात आनू नका." तिला घंटीतलं काय समजतं. सकाळची साडेदहाची गाडी येते तेव्हा मी फाट्याकडं चक्कर टाकून येतो. जाताना गडू भरून नेतो. उन्हातून आलेल्या कोणालाही पाणी लागतंच. दारातून एकेक जण उतरतो, मी मोजतो. रोज एक कमी भरतो.